अप्पा बळवंत चौकाजवळचं जुन्या पुस्तकांचं दुकान: खाडिलकरांची नाटकं हवी असतील तर इथे जाच

मुलीच्या गाण्याच्या क्लासमध्ये खाडिलकरांच्या मानापमान नाटकातलं पद घेतलंय, म्हटलं नुसतं पद पाठ करण्यापेक्षा अख्खं नाटक वाचू दे तिला, म्हणून पुस्तक शोधत होते. दोन-तीन मोठ्या दुकानांत नाही मिळालं. शेवटी एका बोळातल्या या दुकानात गेले. जेमतेम दोन माणसं उभी राहतील एवढी जागा, धूळ भरपूर, पण काकांनी नाव ऐकल्याबरोबर वरच्या फळीवरून मानापमान काढलं आणि विचारलं, "ताई, कीचकवध वाचलंय का?"

नव्हतं वाचलं. खाडिलकर म्हटलं की माझ्या डोक्यात मानापमानातली बालगंधर्वांची भामिनी आणि गोविंदराव टेंब्यांच्या चाली, एवढंच यायचं.

मग काका उभ्याउभ्या पंधरा मिनिटं सांगत होते. १९०७ चं नाटक, गोष्ट महाभारतातली, पण कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, द्रौपदी म्हणजे हिंदुस्थान, पडतं घेणारा धर्मराज म्हणजे मवाळ आणि भीम म्हणजे जहाल, हे समोर बसलेल्या प्रेक्षकांना बरोबर कळायचं आणि सरकारलाही कळलं, १९१० मध्ये बंदी आली. आणि मानापमान रंगभूमीवर आलं १९११ ला! म्हणजे एक नाटक बंद पाडलं तर पुढच्याच वर्षी हे दुसरं, आणि इकडे टिळक मंडालेला असताना केसरीची जबाबदारीही खाडिलकरांनी सांभाळलेली. पुढे १९२३ ला मुंबईत नवाकाळ हे दैनिक काढलं आणि १९२९ मध्ये त्यातल्या लिखाणासाठी राजद्रोहाच्या खटल्यात तुरुंगात गेले. इतकी वर्षं ही पदं ऐकतेय पण ती लिहिणारा माणूस असा होता हे मला कुणी सांगितलंच नव्हतं, खूप वाईट वाटलं.

दोन्ही पुस्तकं मिळून १८० रुपये झाले, मला अगदी वाजवी वाटले. पुस्तकांवर किंमत लिहिलेली नसते, विचारावी लागते. घ्यायच्या आधी पानं नीट तपासून घ्या, माझ्या कीचकवधची शिवण सुटलीय आणि मधलं एक पान अर्धं फाटलंय, ते घरी आल्यावर दिसलं. यूपीआय चालत नाही, रोख न्या.

खाडिलकरांचं भाऊबंदकी नाटक मात्र नव्हतं. रामशास्त्र्यांचा प्रसंग मला मुलीकडून मोठ्याने वाचून घ्यायचाय, म्हणून काकांच्या वहीत फोन नंबर लिहून आलेय, आलं की कळवतो म्हणालेत.