तंबोऱ्यावर वाढलेल्या कानांसाठी : आर्वो पॅर्ट यांची ‘तबुला रासा’

एस्टोनियाचे संगीतकार आर्वो पॅर्ट यांची, ईसीएम कंपनीने १९८४ मध्ये काढलेली ‘तबुला रासा’ ही ध्वनिमुद्रिका बेळगाव, खानापूर, निपाणी या आपल्या सीमाभागातील शास्त्रीय संगीताच्या श्रोत्यांनी अवश्य संग्रही ठेवावी, असे माझे स्पष्ट मत आहे. पॅर्ट यांच्या ‘फ्रात्रेस’सारख्या रचना परदेशी दिग्दर्शकांनी चित्रपटांत वापरल्या, त्यामुळे दुःखाच्या प्रसंगामागे वाजण्यापुरतेच हे संगीत आहे, असा समज होऊ शकतो. तो दूर करण्याचे सामर्थ्य या मुद्रिकेत आहे.

१९३५ मध्ये पाइदे येथे जन्मलेल्या पॅर्ट यांनी तालिनच्या रेडिओवर ध्वनिमुद्रणाचे काम केले आणि सोव्हिएत राजवटीत उपजीविकेसाठी अनेक चित्रपटांना संगीत दिले. १९७३ च्या ‘उकुआरू’ या चित्रपटातील त्यांचा वॉल्ट्झ (तीन मात्रांच्या ठेक्यावरचे नृत्यसंगीत) एस्टोनियात घरोघरी ठाऊक आहे. मात्र १९६८ नंतर त्यांच्या गंभीर रचना फार विरळ झाल्या, जुन्या चर्चगायनाच्या अभ्यासात बरीच वर्षे गेली, आणि १९७६ मध्ये ‘तिंतिनाबुली’ ही त्यांची स्वतःची पद्धत आकाराला आली. तीत एक सुरावट सप्तकात पायरीपायरीने चालते, तर दुसरी सा, कोमल गंधार आणि पंचम अशा तीनच स्वरांना धरून राहते. ज्यांचे कान तंबोऱ्यावर वाढले आहेत, त्यांना यात परके काही वाटणार नाही. मात्र मींड, गमक किंवा तानेची अपेक्षा ठेवू नये.

‘फ्रात्रेस’ येथे दोनदा आहे. गिडन क्रेमर यांचे व्हायोलिन आणि कीथ जॅरेट यांचा पियानो यांना जी धार आहे, ती बारा चेलोंच्या (व्हायोलिनच्या कुळातील खालच्या स्वराचे वाद्य) आवृत्तीत मला जाणवली नाही. खरा ऐवज आहे तो मुद्रिकेला जिचे नाव मिळाले त्या ‘तबुला रासा’ या रचनेचा दुसरा भाग, ‘सिलेंटियुम’. क्रेमर आणि तात्याना ग्रिन्देंको यांची व्हायोलिने अतिशय संथपणे चालतात, तारांत स्क्रू अडकवलेला आल्फ्रेड श्निट्के यांचा पियानो मधूनमधून घंटेसारखा घुमतो, स्वर हळूहळू खर्जाकडे उतरत जातात आणि डबल बास हे खर्जातले तंतुवाद्य रिषभावर थांबते. शेवटचा षड्ज वाजतच नाही. सुळेभावीत जन्मलेल्या कुमार गंधर्वांच्या गायनातील विराम ज्यांना भावतात, त्यांना या न वाजलेल्या षड्जाचे मोल निराळे सांगावे लागणार नाही.

मोबाइलच्या स्पीकरवर हा खर्ज मुळीच ऐकू येत नाही, आणि पत्र्यावर आषाढाचा पाऊस कोसळत असताना अखेरची काही मिनिटे वाया जातात. म्हणून चांगले हेडफोन लावून, पावसाळा सरल्यावर, पहाटे ही मुद्रिका ऐकावी.