थेल्मा रिटर पाहायच्या असतील तर कोणती डिस्क घ्यावी

जुन्या हॉलिवुडपटांच्या डिस्क विकत घेणारा ग्राहक साधारणपणे दिग्दर्शकाचे किंवा नायक-नायिकेचे नाव पाहून पैसे मोजतो, आणि वेष्टणाची मांडणीही त्याच हिशेबाने केलेली असते. थेल्मा रिटर हे नाव तिथे ठळक अक्षरांत सहसा सापडत नाही. सहायक अभिनेत्रीच्या ऑस्करसाठी १९५० ते १९६२ या काळातल्या चित्रपटांकरिता सहा वेळा नामांकन मिळूनही रिकाम्या हाताने परतलेल्या या अभिनेत्रीसाठी म्हणून डिस्क घ्यायच्या ठरवल्या, तर कोणत्या घ्याव्यात आणि त्यांत तिच्या वाट्याला नेमके काय आले आहे, एवढ्याच प्रश्नापुरते हे परीक्षण आहे. समोर मुख्यतः दोन ब्लू-रे आहेत: क्रायटेरियन कलेक्शनने २०१९ मध्ये काढलेली ‘ऑल अबाउट ईव्ह’ आणि त्याच कंपनीची २०२१ मधली ‘पिकअप ऑन साऊथ स्ट्रीट’. जोडीला युनिव्हर्सलच्या ‘रिअर विंडो’च्या फोर-के (म्हणजे ब्लू-रेहून अधिक सूक्ष्म चित्राच्या) डिस्कचाही विचार केला आहे.

खरेदीपूर्वीची एक व्यावहारिक सूचना आधीच दिलेली बरी. क्रायटेरियनच्या अमेरिकी ब्लू-रे ‘ए’ या भौगोलिक विभागासाठी असतात, तर भारत ब्लू-रेच्या विभागणीत ‘सी’मध्ये मोडतो. त्यामुळे अमेरिकेतून येणाऱ्या भाच्याने डिस्क हौसेने आणून दिली, तरी घरचा साधा प्लेअर ती वाजवीलच असे नाही. सर्व विभागांच्या डिस्क चालवणारा प्लेअर असल्याची खात्री करूनच पैसे घालावेत. न्यू जर्सीत किंवा टोरांटोत राहणाऱ्या मराठी वाचकांना ही अडचण येणार नाही. फोर-के डिस्कना असा विभागाचा अडसर नसतो, हा ‘रिअर विंडो’चा एक फायदा. इंग्रजी सबटायटल मात्र या सर्व डिस्कवर आहेत आणि ती लावूनच चित्रपट पाहावेत, असे मी सुचवीन, कारण रिटरबाईंचा ब्रुकलिनी उच्चार आणि त्यांचा बोलण्याचा वेग यांत पहिल्या खेपेला निम्मे विनोद निसटून जातात.

त्यांचा जन्म ब्रुकलिनचाच, १४ फेब्रुवारी १९०२ चा. न्यूयॉर्कच्या अमेरिकन अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट्समध्ये रीतसर शिक्षण घेऊन त्या फिरत्या नाटक मंडळ्यांत काम करू लागल्या. १९२७ मध्ये जोसेफ मोरन या नटाशी त्यांचे लग्न झाले. मोरन यांनी पुढे नटाचा पेशा सोडून जाहिरातक्षेत्रात जम बसवला आणि रिटरबाई मुलांच्या संगोपनात गुंतल्या. नंतर रेडिओवर कामे मिळू लागली, पण पडद्यावर त्या पहिल्यांदा दिसल्या त्या १९४७ मध्ये, म्हणजे पंचेचाळिशीत, ‘मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट’मध्ये. दिग्दर्शक जॉर्ज सीटन यांनी दिलेली ती भूमिका इतकी छोटी होती की श्रेयनामावलीत त्यांचे नावही नाही. मेसीज या दुकानात मुलाला सांताक्लॉजकडे घेऊन आलेली, दिवसभराच्या खरेदीने पार थकलेली आई त्यांनी रंगवली आहे. मुलगा खेळण्यातला आगीचा बंब मागतो. तो बंब कुठेच मिळत नसल्याने आई सांताच्या पाठीमागून ‘नको, नको’ अशा खुणा करते आणि तरीही सांता मुलाला शब्द देऊन बसतो. ती त्याला झापायला पुढे येते, तेव्हा तो थंडपणे दुसऱ्याच दुकानाचा पत्ता देतो. रागाचा अविश्वास आणि अविश्वासाचा आनंद होण्यापर्यंतचा सगळा प्रवास रिटरबाई दोन मिनिटांत चेहऱ्यावर उमटवतात. स्टुडिओप्रमुख डॅरिल झॅनक यांच्या नजरेत हे काम भरले, आणि पुढची वीस वर्षे त्यांना कामाची वानवा पडली नाही.

माझ्या मते रिटरबाईंच्या विनोदाचे मर्म त्यांच्या पात्रांच्या पोटापाण्याच्या धंद्यात आहे. त्यांनी रंगवलेल्या बायका नोकरी करतात, मजुरी करतात, फेरीवर माल विकतात, आणि कशाला किती पैसे पडतात हे त्यांना तोंडपाठ असते. हात कामात आणि तोंड चालू. मालकाला त्या शेलके शब्द ऐकवतात ते हातातले काम न थांबवता, आणि काम चोख असल्यामुळेच मालकही ते ऐकून घेतो. आपल्या नाटकांतला रामा गडी मालकाच्या मूर्खपणावर प्रेक्षकांना हसवतो, पण त्याच्या स्वतःच्या आयुष्याबद्दल नाटककाराला फारसे कुतूहल नसते. रिटरबाईंच्या कामात उलट प्रत्येक वेळी वाटते की ही बाई पात्राच्या घरी जाऊन, तिचे भाडे थकले आहे की नाही हे पाहून आली आहे.

‘ऑल अबाउट ईव्ह’ (१९५०) हा त्यांच्या नामांकनांचा प्रारंभ. जोसेफ मँकिविट्झ यांनी आदल्या वर्षीच्या आपल्या चित्रपटात त्यांना मोलकरणीची भूमिका दिली होती, आणि इथे मार्गो चॅनिंग या रंगभूमीवरच्या सम्राज्ञीची सेविका बर्डी त्यांच्याकडे आली. बर्डी एके काळी स्वतः व्हॉडव्हिलच्या, म्हणजे नाच-गाणी-नकलांच्या लोकप्रिय खेळांच्या, रंगमंचावर वावरलेली आहे. रंगपटात मार्गोची चाहती म्हणून आलेली ईव्ह आपल्या खडतर आयुष्याची कहाणी सांगते, सगळ्यांचे डोळे पाणावतात, आणि कहाणी संपताक्षणी बर्डी एक अशी फटकळ टिप्पणी करते की ऐकणाऱ्याला तिचा रागच यावा. मार्गो तिला खडसावते आणि बर्डी मुकाट्याने माफी मागते. वरवर पाहता हा साधा हशा मिळवणारा प्रसंग आहे, पण त्या खोलीत नाटकी गोष्ट ओळखण्याची नजर फक्त बर्डीकडे होती, हे दुसऱ्यांदा पाहताना ध्यानात येते. पुढे मार्गो तिला विचारते, ‘तुला ईव्ह आवडत नाही ना?’ तेव्हा बर्डी सांगून टाकते की ती पोरगी तुमचा अभ्यास करते आहे, एखाद्या पुस्तकाचा किंवा इमारतीच्या नकाशाचा करावा तसा. हे वाक्य रिटरबाई कोणताही जोर न देता बोलतात. मार्गो झालेल्या बेटी डेव्हिस यांच्यासारख्या अभिनेत्रीसमोर आवाज चढवण्यात अर्थ नाही, हे त्यांनी अचूक जोखले होते.

डिस्क म्हणून ही निर्मिती अतिशय समृद्ध आहे. १३८ मिनिटांच्या चित्रपटाची फोर-के पुनर्स्थापित प्रत, दोन स्वतंत्र ऑडिओ कॉमेंटरी (चित्रपट पाहता पाहता ऐकायचे भाष्य), मँकिविट्झ यांच्यावरचा १९८३ चा पूर्ण लांबीचा माहितीपट, डिक कॅव्हेट यांच्या दूरदर्शन कार्यक्रमांतल्या मुलाखती, वेशभूषेच्या इतिहासावरची मुलाखत, आणि ज्या कथेवरून चित्रपट निघाला ती मेरी ऑर यांची १९४६ ची मूळ कथा, असा ऐवज दोन डिस्क आणि पुस्तिकेत भरला आहे. कृष्णधवल चित्रात रंगपटातल्या सावल्या आणि आरशांवरचे दिवे स्वच्छ वेगळे दिसतात. एका कॉमेंटरीत याच चित्रपटातल्या अभिनेत्री सेलेस्ट होम यांचा आवाज आहे, आणि त्यांनाही त्या वर्षी त्याच गटात नामांकन होते (पुरस्कार ‘हार्वी’साठी जोसेफिन हल यांना गेला). परंतु एवढ्या पसाऱ्यात रिटरबाईंना वाहिलेले एकही स्वतंत्र प्रकरण नाही. चित्रपटातही त्यांच्यावर थोडा अन्यायच झाला आहे. मार्गोच्या घरच्या गाजलेल्या पार्टीत पाहुण्यांच्या फरच्या कोटांच्या ढिगाऱ्यावर शेरा मारून बर्डी जी जाते, ती पुढे दिसतच नाही. ईव्हचे पितळ उघडे पडत असताना ते पहिल्यांदा ओळखणारी बाई पडद्यावर नसावी, ही पटकथेतली उणीव मला प्रत्येक वेळी खटकते.

‘पिकअप ऑन साऊथ स्ट्रीट’ची गोष्ट वेगळी आहे. सॅम्युएल फुलर यांनी लिहून दिग्दर्शित केलेला हा १९५३ चा चित्रपट जेमतेम ८० मिनिटांचा असून कथेत खिसेकापू, कम्युनिस्ट हेर आणि पोलीस यांची पळापळ आहे. रिचर्ड विडमार्क आणि जीन पीटर्स ही मुख्य जोडी. तरीही चित्रपट संपल्यावर मनात राहते ती मो विल्यम्स, गळ्यात घालायचे टाय दारोदार विकणारी आणि जोडधंदा म्हणून पोलिसांना खबरा पुरवणारी म्हातारी.

पोलीस कचेरीतला तिचा पहिला प्रवेश पाहण्यासाठी मी ही डिस्क आवर्जून घ्यायला सांगेन. टायची पेटी घेऊन मो आत येते, अधिकाऱ्यांना आधी टाय खपवायला बघते, आणि मग धंद्याला लागते. पाकीट कसे मारले गेले, हाताची हालचाल कशी होती, वर्तमानपत्र कसे धरले होते, एवढे ऐकून तिला चोर कोण हे कळते, कारण प्रत्येक खिसेकापूची हातोटी तिला सराफाने सोने ओळखावे तशी ठाऊक आहे. मग भावाची घासाघीस सुरू होते. महागाई वाढली म्हणून खबरीचा दरही वाढला, असे ती अधिकाऱ्याला तितक्याच गांभीर्याने समजावते, आणि प्रेक्षक हसत असताना हेही उघड करते की हे पैसे कशासाठी साठताहेत. तिला बेवारसांच्या दफनभूमीत जायचे नाही. लाँग आयलंडवर स्वतःची जागा आणि व्यवस्थित अंत्यसंस्कार विकत घ्यायचे आहेत. बेवारसांत पुरले गेलो तर त्या धक्क्याने आपण मरूनच जाऊ, अशा अर्थाचे तिचे वाक्य आहे, आणि रिटरबाई ते विनोद म्हणून न टाकता काळजी म्हणून बोलतात. त्यामुळे हसू येते आणि लगेच अवघडल्यासारखे होते. ज्याला तिने विकले तो खिसेकापूसुद्धा तिच्यावर राग धरत नाही, बाईला खायला लागतेच की, असे म्हणतो. या चित्रपटाची नीती अशी व्यवहाराच्या भाषेत चालते.

तिचा शेवटचा प्रसंग तिच्या खोलीत घडतो. दिवसभर टाय विकून दमून आलेली मो ग्रामोफोनवर तबकडी लावते, आणि हेराच्या टोळीतला माणूस त्या खिसेकापूचा पत्ता विचारायला आलेला असतो. आयुष्यभर माहिती विकणारी ही बाई एवढी एक माहिती मात्र कितीही पैसे दिले तरी द्यायला तयार नाही. आपण थकलो आहोत, घड्याळाची चावी संपत आली आहे, असे ती त्याला सांगते. तिच्या आवाजात आर्जव नाही आणि शौर्याचा आवही नाही; महिनाअखेरीचा हिशेब मिटवावा इतपत सपाटपणा आहे. फुलर कॅमेरा बाईवरून हलवून तबकडीकडे नेतात आणि गोळीचा आवाज तेवढा ऐकू येतो. विनोदी सहायक अभिनेत्री असा शिक्का बसलेल्या कलाकाराने केलेले त्या दशकातले इतके संयत काम मला दुसरे आठवत नाही. ऑस्कर त्या वर्षी ‘फ्रॉम हिअर टू इटर्निटी’साठी डॉना रीड यांना मिळाले. रिटरबाईंचे ते सलग चौथे नामांकन होते.

या डिस्कवर पूरक सामग्री ‘ईव्ह’पेक्षा कमी, पण आपल्या कामाची जास्त आहे. १९८९ ची फुलर यांची मुलाखत आणि १९८२ चा फ्रेंच दूरदर्शनवरचा कार्यक्रम, दोन्हींत फुलर तोफेसारखे बोलतात. पण खरी भर आहे १९५४ च्या रेडिओ रूपांतराची, कारण त्यात मो रिटरबाईंनीच केली आहे. चेहरा, टायची पेटी आणि खोलीतला पसारा काढून घेतल्यावर केवळ आवाजावर ती भूमिका किती उभी राहते, याची पडताळणी घरबसल्या करता येते. (जाता जाता: फ्रान्समध्ये हा चित्रपट दाखवताना भाषांतरित संवादांत कम्युनिस्टांचे अमली पदार्थांचे तस्कर करण्यात आले होते, आणि कथानक तरीही बिनबोभाट चालले.)

‘रिअर विंडो’ (१९५४) बहुतेकांकडे आधीच असेल, म्हणून थोडक्यात. विमा कंपनीने पाठवलेली परिचारिका स्टेला ही हिचकॉक यांच्या या चित्रपटातली सर्वांत शहाणी व्यक्ती आहे. पाय प्लास्टरमध्ये अडकलेल्या जेम्स स्टुअर्टला ती न्याहारी वाढते आणि समोरच्या घरातल्या माणसाने बायकोच्या शरीराचे तुकडे कुठे केले असतील यावर मोठ्याने विचार करू लागते. न्हाणीघरातल्या टबातच केले असणार, रक्त धुऊन काढायला दुसरी जागा कुठली, असा निष्कर्ष ती स्वयंपाकघरातल्या सहजतेने काढते, आणि घास तोंडाकडे नेणारा स्टुअर्ट काटा खाली ठेवतो. फोर-के प्रतीचे रंग उत्तम आहेत, आणि पटकथाकार जॉन मायकल हेज यांच्याशी केलेल्या संवादाची जोड आहे.

बाकीची कारकीर्द या डिस्कच्या बाहेर पसरलेली आहे. ‘द मेटिंग सीझन’मध्ये (१९५१) सुनेच्या घरी चुकून स्वयंपाकीण समजली गेलेली सासू म्हणजे वस्तुतः प्रमुख भूमिकाच, पण नामांकन पुन्हा सहायकाचे. ‘पिलो टॉक’मधली (१९५९) रोज नशा न उतरलेल्या डोक्याने कामावर येणारी आल्मा, ‘बर्डमॅन ऑफ अल्काट्राझ’मधली (१९६२) मुलावर कब्जा ठेवणारी, हशाचा लवलेश नसलेली आई, आणि ब्रॉडवेवर ‘न्यू गर्ल इन टाऊन’साठी १९५८ मध्ये ग्वेन व्हर्डन यांच्यासह विभागून मिळालेले टोनी हे नाट्यपारितोषिक. १९५५ मध्ये ‘द केटर्ड अफेअर’ या दूरदर्शन नाटकात त्यांनी आईची मुख्य भूमिका केली. पुढच्या वर्षी त्याचा चित्रपट झाला, तेव्हा ती भूमिका बेटी डेव्हिस यांना मिळाली. मार्गो आणि बर्डी यांच्यातली उतरंड स्टुडिओच्या हिशेबातही तशीच होती, असे म्हणायला हरकत नाही.

एकच डिस्क घ्यायची असेल तर ‘पिकअप ऑन साऊथ स्ट्रीट’ घ्यावी. तिथे रिटरबाईंना पूर्ण माणूस मिळाला आहे, आणि रेडिओ रूपांतरामुळे त्यांचे दुहेरी काम एका जागी सापडते. ‘ऑल अबाउट ईव्ह’ मँकिविट्झ आणि डेव्हिस यांच्यासाठी घ्यावी, आणि बर्डीसाठी पहिला तास लक्ष देऊन पाहावा.