‘ह्युमन’ बघावी की ‘जोसेफ’?

वैद्यकीय क्षेत्रातल्या काळ्या धंद्यावरचं काही बघायचं आहे आणि हाताशी एकच रात्र आहे, तर ‘जोसेफ’ लावा. ‘ह्युमन’ मला जास्त महत्त्वाची वाटते, पण ती सवडीने बघायची गोष्ट आहे.

‘ह्युमन’ २०२२च्या जानेवारीत हॉटस्टारवर आली. हिंदी, १० भाग. भोपाळ, एक बडं इस्पितळ आणि गरिबांवर नियम धाब्यावर बसवून चाललेल्या औषधचाचण्या. शेफाली शहाची डॉ. गौरी नाथ इतक्या हळू, लाघवी आवाजात बोलते की त्या आवाजाचीच धास्ती बसते. समोर कीर्ती कुल्हारीची हृदयशल्यविशारद सायरा. कौतुक या दोघींचं होतं, माझ्या मते मालिका पेलतो मात्र विशाल जेठवाचा मंगू. वस्तीतला हा पोरगा पैशांसाठी चाचणीला माणसं पुरवतो आणि आपल्या आईवडिलांनाही त्यात घालतो. तिथून पुढे त्याच्या चेहऱ्यावरून नजर हटत नाही. १९८४च्या वायुकांडाने पोळलेल्या शहरात गरिबाचं शरीर पुन्हा स्वस्तच ठरतं. न कळणाऱ्या इंग्रजी कागदावर मुकाट सही करणारी वडीलधारी माणसं आपल्याही घरांत आहेत, म्हणून भोपाळ परकं वाटत नाही. मधले काही भाग ताणलेत, उपकथानकं फार झालीत. तरी इतक्या दमदार मालिकेचं नाव आपल्याकडे क्वचितच कुणी घेतं, याची मला खंत आहे.

‘जोसेफ’ २०१८चा मल्याळम चित्रपट. दिग्दर्शक एम. पद्मकुमार, आणि लेखक शाही कबीर स्वतः पोलिसात होते. ते पहिल्या काही मिनिटांतच जाणवतं. वृद्ध जोडप्याच्या खुनाच्या जागी निवृत्त जोसेफला बोलावतात. तो आरडाओरडा करत नाही, फक्त नीट बघतो. मग त्याच्या विभक्त पत्नीचा अपघात होतो आणि त्याला तो अपघात वाटत नाही. जोजू जॉर्जने हा एकटा, पिणारा, आतून खचलेला माणूस कुठेही भडक केलेला नाही. मामला अवयवांच्या व्यापाराचा आहे. याहून जास्त सांगितलं तर मजा जाईल. भाषेची अडचण मानू नका. २००४पासून इफ्फी हा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव गोव्यात पणजीला भरतो, सबटायटल्स वाचत सिनेमा बघणं आपल्याला नवं नाही.

माझी तक्रार एकच, आणि ती ‘जोसेफ’बद्दल. तो बघून अवयवदानाचीच भीती बसू शकते. १९९४चा अवयव प्रत्यारोपण कायदा सुरुवातीला ज्या तीन राज्यांना लागू झाला, त्यांत महाराष्ट्र आणि हिमाचलसोबत आपला गोवा होता. त्यानुसार अवयव काढण्याआधी मेंदूमृत्यू, म्हणजे मेंदूचं काम कायमचं थांबणं, एकटा डॉक्टर ठरवत नाही. चार डॉक्टरांचं मंडळ किमान सहा तासांच्या अंतराने दोनदा तपासणी करतं. चित्रपट बघितल्यावर हे घरच्यांना आवर्जून सांगा. दान करायचं मनात असेल तर पडद्यावरच्या गुन्ह्यापायी मागे हटू नका.

‘ह्युमन’मध्ये शरीरसंबंधांची आणि हिंसेची दृश्यं बरीच आहेत, त्यामुळे ती मुलांसोबत नको. घरचं कुणी सध्या बांबोळीच्या इस्पितळात दाखल असेल तर दोन्ही पुढे ढकला. आणि दोन्ही बघणार असाल तर आधी ‘जोसेफ’.