लक्ष्मीपुरीतले मोडी वाचून देणारे गुरुजी: राखीव जागेचा फॉर्म भरायच्या आधी इथं जा

ज्या बायका राखीव जागेवरून ग्रामपंचायतीला उभ्या राहणार आहेत, त्यांच्यासाठी मुद्दाम लिहितेय. कोल्हापुरात लक्ष्मीपुरीत टायपिंग-झेरॉक्सच्या एका गाळ्यात संध्याकाळी एक निवृत्त गुरुजी बसतात. जुन्या मोडी नोंदी वाचून देवनागरीत लिहून देतात, खाली सही करतात. पुराभिलेख खात्याच्या वर्गात मोडी शिकलेत.

मी करवीर तालुक्यातल्या आमच्या गावात ओबीसी महिला जागेवर निवडून आले. फॉर्मसोबत जात पडताळणीला अर्ज केल्याची पोच आणि बारा महिन्यांत वैधता प्रमाणपत्र देते असं हमीपत्र जोडलं होतं. मुदतीत दिलं नाही तर निवडच मागच्या तारखेपासून रद्द होते. मतं किती पडली, काम काय केलं, कुणी विचारत नाही. आधी मुदत सहाच महिन्यांची होती. ऑगस्ट 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती पाळलीच पाहिजे म्हणून सांगितलं आणि आपल्या महापालिकेतल्या नगरसेवकांची पदं गेली, ते कोल्हापुरात सगळ्यांना ठाऊक आहे. बारा महिने झाले ते त्यानंतर.

त्यात बाईचे हाल जास्त. सासरचा एकही कागद चालत नाही. वडील, आजोबा, चुलते असे सगळे पुरावे माहेरचे, आणि ओबीसीला 13 ऑक्टोबर 1967 च्या आधीचे. माझं माहेर भुदरगडात. वडिलांच्या दाखल्यावर जातीच्या जागी नुसतं ‘हिंदू’. शेवटी आजोबांची शाळेतली नोंद सापडली. शाहू महाराजांनी 1917 साली संस्थानात प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचं केलं, म्हणून कुंभाराचं पोर शाळेत गेलं आणि त्याचं नाव रजिस्टरला लागलं. पण रजिस्टर मोडीत.

आधी एका एजंटाकडं दिलं होतं. त्यानं नक्कल धड न बघताच ‘जात कुंभार’ असं टाईप करून दिलं आणि वर दांडगे पैसे घेतले. गुरुजींनी तीच नक्कल भिंगाखाली धरली. जातीच्या रकान्यात ‘कुं॥’ एवढंच होतं. मी म्हटलं, "गुरुजी, आम्ही कुंभारच, लिहा की." ते म्हणाले, "ताई, तुम्ही कुंभार आहात हे मला पटतंय, पण कागदावर आहे तेवढंच मी लिहिणार. पडताळणी समितीच्या दक्षता पथकानं चौकशीत मूळ रजिस्टर काढलं तर तुमचाच कागद खोटा ठरंल." मग त्यांनीच विचारलं, आजोबांना भाऊ होता का? धाकटे भाऊ त्याच शाळेत होते. त्यांची नोंद काढून आणली तर तिथं ‘कुंभार’ अक्षर न् अक्षर लिहिलेलं, आणि दोघांच्या नावापुढं ‘बिन’ (म्हणजे अमक्याचा मुलगा) लावून बापाचं नाव एकच. दोन्ही नोंदी वंशावळीच्या शपथपत्राला जोडल्या. समितीपुढं सुनावणीत त्याच बघितल्या गेल्या, आणि मुदत संपायच्या आत प्रमाणपत्र माझ्या हातात आलं.

पैसे पानामागं घेतात, रीतसर पावती देतात. भाव आधीच सांगतात आणि तेवढेच घेतात. दुसऱ्या नोंदीचं सुचवलं त्याचा एक रुपया जास्त लावला नाही.

गैरसोय एवढीच, की फोन उचलत नाहीत आणि व्हॉट्सअॅपवरचा फोटो वाचत नाहीत. मुख्याध्यापकांची सही-शिक्का असलेली नक्कलच लागते. निवडणुका लागल्या की गाळ्यापुढं ही रांग असते, तेव्हा दोन-तीन आठवडे थांबायची तयारी ठेवा. आमच्या शेजारच्या गावच्या सरपंच बाई निवडून आल्यावर कागद शोधायला लागल्या, माहेरची शाळा सापडेपर्यंत वर्ष सरलं आणि पद गेलं. चांगलं काम करत होत्या त्या. आरक्षणाची सोडत निघाली की त्याच आठवड्यात माहेरच्या शाळेत अर्ज टाका, नक्कल घ्या आणि संध्याकाळी सहानंतर लक्ष्मीपुरीत जा. रविवारी गाळा बंद असतो.