स्टारड्यू व्हॅली: तिघांचं शेत डिलीट करताना

दिवाळीच्या सुट्टीत बहिणीचा मुलगा आठ दिवस माझ्याकडे राहायला होता. वय बारा. पहिल्याच संध्याकाळी माझ्या लॅपटॉपवर त्याला स्टारड्यू व्हॅली हा शेतीचा गेम दिसला. "मावशी, आपण दोघं मिळून नवीन शेत करू या," म्हणाला, आणि ते ठरूनही गेलं. एकाच पडद्याचे दोन भाग करून खेळायची सोय २०२०च्या डिसेंबरात आली तेव्हापासून मला ती कुणाबरोबर तरी वापरायची होतीच. लोडची, म्हणजे आधी सेव्ह केलेल्या शेतांची, यादी उघडली तर आत नऊ शेतं. नऊही शेतकऱ्यांचं नाव एकच, माझं. त्यातल्या पाच शेतांचं नाव 'मळा'. "ही जुनी उडव ना सगळी, काही कळतच नाही यात," तो म्हणाला. त्याचं म्हणणं बरोबर होतं. मी उडवायला बसले आणि तेवढ्या कामाला मला चार दिवस लागले.

ज्यांनी हा गेम खेळलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. आजोबांनी मागे ठेवलेल्या पडीक शेतावर तुम्ही राहायला येता, दगड-झुडपं काढता, पेरता, पाणी घालता, गावातल्या माणसांशी ओळखी करता. एरिक बरोन या एकट्या माणसानं प्रोग्रॅमिंग, चित्रं, संगीत, संवाद असं सगळं स्वतः करून २६ फेब्रुवारी २०१६ला तो बाजारात आणला. डिसेंबर २०२४पर्यंत त्याच्या ४ कोटींहून जास्त प्रती विकल्या गेल्या. ऑगस्ट २०१८मध्ये संगणकावर अनेकांनी मिळून एक शेत करायची सोय आली, आणि मार्च २०२४च्या १.६ आवृत्तीपासून संगणकावर आठ जण एकत्र खेळू शकतात. या सगळ्या सुधारणा फुकट मिळाल्या. माझ्याकडून गेमला पाचपैकी पाच, त्याबद्दल माझ्या मनात शंका नाही. मी लिहिणार आहे ते फक्त मिळून केलेलं शेत काढून टाकायच्या सोयीबद्दल. तिला मी पाचपैकी दोनच देईन.

पहिली अडचण म्हणजे ती सोय सापडतच नाही. शेत को-ऑपचं, म्हणजे मिळून खेळलेलं, म्हणून साहजिकच माणूस को-ऑपचा फलक उघडतो. तिथे दोन भाग आहेत. एक दुसऱ्याच्या शेतावर जाण्यासाठी, एक स्वतः होस्ट करण्यासाठी, म्हणजे आपल्या शेतावर इतरांना बोलावण्यासाठी. होस्टच्या भागात तुमची शेतं ओळीनं दिसतात, पण कचऱ्याचा डबा कुठेही नाही. भाच्यानं प्रत्येक ओळीवर उजवं बटण दाबून पाहिलं, मी कीबोर्डवरचं डिलीट दाबून पाहिलं. काही होत नाही. तिथून मागे यायचं, मुख्य पडद्यावर 'लोड'मध्ये जायचं. तुम्ही होस्ट केलेली शेतं तिथे तुमच्या एकट्याच्या शेतांमध्येच मिसळलेली असतात आणि प्रत्येकाच्या उजव्या टोकाला छोटा डबा असतो. तो दाबला की गेम एकदा विचारतो, तुम्ही हो म्हणता, आणि शेत जातं.

एकदाच विचारतो, हे मला खटकतं. ओळीवर दिसतं काय तर शेतकऱ्याचं नाव आणि चेहरा, शेताचं नाव, ऋतू-दिवस-वर्ष, शिल्लक पैसे आणि किती तास खेळलात ते. हे शेत एकट्याचं की तिघांचं, याची खूण त्या ओळीवर नाही. त्यात राहणाऱ्या बाकीच्यांची नावं नाहीत. चाळीस मिनिटं खेळून सोडून दिलेला माझा एकटीचा मळा आणि ४७ तासांचा आमच्या तिघांचा मळा शेजारी-शेजारी होते, आणि दोन्हींचा डबा तेवढाच, प्रश्नही तोच. आणि इथे गेलेलं शेत रिसायकल बिनमध्ये सापडत नाही. अख्खं फोल्डर पुसलं जातं, त्यातली आदल्या रात्रीची राखीव प्रतसुद्धा.

आता त्या ४७ तासांविषयी.

मार्च २०२०मध्ये लॉकडाउन लागायच्या दोन दिवस आधी मी पुण्याहून निफाडला घरी आले. भाऊ बंगळुरात खोलीवर अडकला. मामेबहीण नागपुरात इस्पितळात फार्मासिस्ट, तिला तर सुट्टीच नव्हती. घरी द्राक्षाचा शेवटचा प्लॉट वेलीवर उभा होता आणि व्यापारी यायला तयार नव्हता. बाबा रोज सकाळी बागेत चक्कर मारून यायचे आणि कुणाशी बोलायचे नाहीत. शेवटी त्या मालाचा बेदाणा केला. त्याच दिवसांत एका रात्री भावाचा फोन आला, "ताई, तुझ्याकडे तो शेतीचा गेम आहे ना? आम्हालाही घेतेस का?" गेम आधी माझ्याकडे होता म्हणून होस्ट मी झाले. खरं तर तिघांत सगळ्यात वाईट इंटरनेट माझं होतं, मोबाइलच्या हॉटस्पॉटवर. माझी रेंज गेली की ते दोघंही बाहेर फेकले जायचे. दोघांनी त्याबद्दल एकदाही कुरकुर केली नाही.

आम्ही चार कोपऱ्यांचा नकाशा घेतला होता, प्रत्येकाला आपापला तुकडा. पैसे मात्र एकत्र ठेवले. भावानं मासेमारी घेतली आणि पुढे स्टर्जन माशांचं तळं बांधलं. मामेबहीण ड्यूटी संपवून साडेदहाला यायची, तिनं गावातल्या डॉक्टरशी, हार्वेशी, लग्न केलं. मी शरद ऋतूत द्राक्षं लावली. बाबा मागे खुर्ची टाकून बघत बसायचे. गेममध्ये द्राक्ष दहा दिवसांत येतं आणि मग दर तीन दिवसांनी तोडायला मिळतं. बाबा म्हणाले, "छाटणी नाही, डिपिंग नाही, दहा दिवसांत माल?" मग थोड्या वेळानं विचारलं, "आणि घेतं कोण?" मी दाखवलं की पेटीत टाकायची, रात्री मेयर येऊन नेतो, सकाळी पैसे जमा. पेटीत टाकलेलं सगळं जातं, भाव पाडत नाही कुणी. ते बराच वेळ त्या पेटीकडे पाहत राहिले. दुसऱ्या दिवसापासून रात्री नऊ वाजले की स्वतःच विचारायचे, "मळ्यात जायचंय ना?"

म्हणून तो डबा दाबताना माझा हात थांबला. आणि थांबल्यावर लक्षात आलं, की हे शेत माझ्या एकटीचं नाहीच, तरी पुसायचा अधिकार मात्र माझ्या एकटीकडे आहे.

या गेममध्ये मिळून केलेलं शेत होस्टच्या संगणकावर राहतं. पाहुण्यांकडे त्याची प्रत नसते. भावाचं पात्र, त्याची मासेमारीतली दहावी पातळी, मामेबहिणीचं लग्न, तिच्या केबिनमधल्या, म्हणजे शेतावरच्या तिच्या छोट्या घरातल्या, पेट्या, सगळं माझ्या फोल्डरात. त्यांच्या संगणकावर आमच्या मळ्याचं नावसुद्धा नाही. मी होस्ट करून बसले असले तरच त्यांना तो दिसतो. हे मला आधीच कळायला हवं होतं, कारण २०२१मध्ये एक शेत आम्ही असंच गमावलं होतं. त्या वेळी होस्ट मामेबहीण होती. तिचा लॅपटॉप दुरुस्तीला गेला, दुकानदारानं न विचारता डिस्क पुसून विंडोज नव्यानं टाकली, आणि क्लाउड, म्हणजे इंटरनेटवर आपोआप राहणारी प्रत, तिनं बंद ठेवलं होतं. तिघांचं शेत गेलं आणि माझ्या बाजूला त्याचा मागमूसही उरला नव्हता.

एका जागी मात्र गेमनं हा विचार नीट केलेला दिसतो. पूर्ण शेत न काढता फक्त एखाद्या पाहुण्याची जागा काढायची असेल तर सुतारकाम करणाऱ्या रॉबिनकडे जाऊन त्याची केबिन पाडता येते. त्यानं ते पात्र कायमचं जातं, पण त्याचं सामान हरवत नाही, केबिनच्या जागी एका पेटीत ठेवलेलं मिळतं. माझ्या ऑफिसमधली एक मैत्रीण एकच संध्याकाळ खेळून परत आली नव्हती, तिची केबिन मी अशी काढली. पेटीत तिची कुदळ आणि न पेरलेलं बी होतं. अशी एक पेटी अख्खं शेत पुसताना बाकीच्यांनाही मिळायला हवी. निदान त्यांच्या शेतकऱ्याची एक प्रत, एक चित्र, काहीतरी.

पहिल्या दिवशी मी दोघांना फोन केला. भाऊ म्हणाला, "तुझ्या लॅपटॉपवर आहे, तू ठरव." मामेबहीण म्हणाली, "अक्का, पुसायच्या आधी मला एकदा आत जाऊ दे."

आत जायलाच दोन दिवस लागले, कारण तिघांची आवृत्ती एकच असावी लागते आणि भावाचा गेम तीन वर्षांत उघडलेलाच नव्हता. २०२०मधलं शेत १.६मध्ये मात्र काही न करता उघडलं. पाच वर्षांपूर्वीचं काम आजच्या गेममध्ये जसंच्या तसं उभं राहतं, याचं श्रेय बनवणाऱ्याला द्यायलाच हवं. तिसऱ्या वर्षाचा वसंत, नऊ तारीख. गेममधला एक पूर्ण दिवस साधारण १४ मिनिटांचा असतो. आम्ही तो एकच दिवस खेळलो. भाऊ थेट तळ्यावर गेला. मामेबहीण हार्वेशी बोलली, मग बाहेर येऊन माझ्याबरोबर पाणी घालू लागली. उद्या सेव्ह उघडणार नाही हे माहीत असूनही तिनं एकही वाफा कोरडा ठेवला नाही. भाचा शेजारी बसून सगळं पाहत होता आणि आता तो "उडव" म्हणत नव्हता. सगळे झोपल्याशिवाय दिवस संपत नाही, म्हणून शेवटी तिघंही आपापल्या पलंगाजवळ येऊन थांबलो आणि फोनवर "झोपा आता" म्हणून एकदम झोपलो.

मग मी जे केलं ते ज्यांना अशी सफाई करायची आहे त्यांनी जरूर करावं. विंडोजवर ॲपडेटा, त्यात रोमिंग, त्यात स्टारड्यू व्हॅली, त्यात सेव्ह्ज. तिथे प्रत्येक शेताचं वेगळं फोल्डर असतं, होस्टच्या पात्राचं नाव आणि पुढे एक लांब आकडा. माझी नऊही फोल्डरं एकाच नावाची असल्यामुळे आधी गेममध्ये तारीख पाहिली, शेत एकदा खेळून सेव्ह केलं आणि मग फोल्डरवरची बदलाची वेळ पाहून ओळखलं. ते फोल्डर पेन ड्राइव्हवर कॉपी केलं. डिलीट मात्र गेममधूनच करावं. हातानं फोल्डर काढलं तर गेम विकणाऱ्या स्टीमच्या क्लाउडमधून ते परत येऊ शकतं. पुढे कधी शेत हवंसं वाटलं तर तेच फोल्डर, नाव न बदलता, सेव्ह्जमध्ये ठेवायचं, यादीत दिसू लागतं. कन्सोलवर खेळणाऱ्यांना असं फोल्डर हाताळता येत नाही, त्यांनी डबा दाबताना दुप्पट विचार करावा. आणि संगणकावर शेतांच्या संख्येला मर्यादा नाही, फाइलही काही एमबींचीच असते. केवळ जागा हवी म्हणून कुणी मिळून केलेलं शेत पुसू नये. यादी नीट दिसावी एवढीच गरज असेल तर सुरुवातीलाच प्रत्येक शेताला वेगळं नाव द्यावं.

बनवणाऱ्याकडे माझं मागणं मोठं नाही. होस्टच्या यादीतही डबा द्या. ओळीवर केबिनमध्ये राहणाऱ्यांची नावं दाखवा. ज्या शेतावर एकाहून जास्त माणसं राबली आहेत ते पुसताना ती नावं वाचायला लावा आणि मग विचारा.

चौथ्या दिवशी मी आठ शेतं काढली. आमचा तिघांचा मळा शेवटी काढला. भाच्यानं नव्या शेताचं नाव स्वतः ठेवलं, मला अनोळखी असलेल्या एका क्रिकेटपटूचं, आणि पहिलं पीक म्हणून त्यानं गाजरासारखे पार्सनिप लावले, ते चार दिवसांत येतात.

मळ्याचं फोल्डर मी भावालाही पाठवलं होतं. त्यानं ते आपल्या सेव्ह्जमध्ये टाकलं आणि रविवारी दुपारी फोन केला. फाइल होस्टच्या नावावर असल्यामुळे त्याच्या यादीत माझा चेहरा दिसत होता, आणि उघडल्यावर तो माझ्या घरात, माझ्या पलंगाशेजारी, मी म्हणून उभा होता. त्याची स्वतःची केबिन शेताच्या दुसऱ्या कोपऱ्यात होती. "ताई, चालत गेलो तिथपर्यंत," तो म्हणाला. "दार उघडं आहे. पेटीत बाबांसाठी ठेवलेली द्राक्षं अजून तशीच आहेत."