रापणकराच्या भूमिकेला कोण: दशावतारी की मुंबईचा चरित्र अभिनेता?

वेंगुर्ल्याच्या किनाऱ्यावर रापणकराचा, म्हणजे रापण हे मोठं जाळं किनाऱ्यावरून दोरांनी ओढणाऱ्या मच्छीमाराचा, वास्तववादी चित्रपट करायचा, तर माझं मत आधी दशावतारी नटाला, म्हणजे कोकणातल्या जत्रांत दशावतार नाटकं करणाऱ्याला. मालवणी त्याला शिकवावी लागत नाही. लिखित संहितेशिवाय रात्रभर संवाद रचायची सवय असल्याने प्रसंग समजावला की तो बोलू लागतो. गोची तिथेच होते. दुसऱ्या टेकला वाक्य बदलतं, हात भलतीकडे जातो आणि संकलनात क्लोज-अप मास्टर शॉटला, म्हणजे अख्खा प्रसंग दाखवणाऱ्या शॉटला, जुळत नाही. आवाजही देवळासमोरच्या शेवटच्या माणसासाठी घडलेला. म्हणून लांब सलग शॉट घ्या, जमल्यास दोन कॅमेरे लावा आणि ‘शेजाऱ्याशी बोल’ एवढंच सांगा. तारखा मात्र जत्रांचा हंगाम बघूनच ठरवा. रात्री नाटक करून आलेला नट सकाळी डोळे उघडे ठेवू शकत नाही.

मुंबईचा मुरलेला नट सातत्य चोख सांभाळतो. पानभर नेमका संवाद असेल तर तोच बरा. पण तो दोर नुसत्या हातांनी ओढतो. रापणकर अंगाचा भार मागे टाकून ओढतो. आठवडाभर या मुंबईच्या नटाला रापणीवर उभा करा, अनवाणी.