चलनाच्या नावाने एपीके पाठवली अन् माझे ८८,४९९ रुपये नेले

नागपूरकरांनो, गाडीचं चलन म्हणून व्हॉट्सॲपवर .एपीके फाईल (फोनमध्ये ॲप टाकणारी फाईल) आली तर हातही लावू नका. मी कोणालाच ओटीपी सांगितला नव्हता, तरी माझे पैसे गेले.

मेसेजमध्ये माझा एमएच ३१ चा पूर्ण गाडी नंबर होता, व्हेरायटी चौकात सिग्नल तोडला म्हणे, अन् मी रोज तिथूनच जातो, मग कोणालाही खरंच वाटणार ना? हा नंबर अन् माझा मोबाईल त्या चोरांकडे कुठून गेला? इन्शुरन्सवाले, सर्व्हिस सेंटर, पार्किंग, सगळे आपली माहिती लिहून घेतात, ती फुटली तर आपल्याला कळवत पण नाही कोणी.

मी फाईल उघडून ॲप टाकलं, त्याने एसएमएस वाचायची परवानगी मागितली अन् मी दिली. चलन दाखवायला माझे एसएमएस कशाला पाहिजे? तो क्षण रात्ररात्र डोक्यातून जात नाही. पण हल्ली टॉर्चचं ॲपसुद्धा दहा परवानग्या मागते, अन् हे दिसायला हुबेहूब सरकारी होतं. १ रुपया भरा म्हणाले म्हणून कार्डची माहिती टाकली, ओटीपी माझ्याच फोनवर आले अन् मला न दिसता परस्पर तिकडे गेले.

४९,९९९ गेल्याचं ईमेलवरून कळलं, लगेच बँकेत फोन करून ११:०५ ला कार्ड बंद करायला सांगितलं, तक्रार नंबर आहे माझ्याकडे. तरी ११:३१ ला आणखी ३८,५०० गेले! आता बँक म्हणते परवानगी तुम्हीच दिली. अहो, आरबीआयचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक वाचा, कळवल्यानंतरचं नुकसान बँकेचं असते. मॅनेजर साहेब "वर पाठवलंय" एवढंच म्हणून राहिले. ठाण्यात गेलो तर म्हणे सायबरला जा, तिथे म्हणे आधी ऑनलाइन टाका, अन् वरून "शिकलेले लोक असं करता" हे ऐकवलं, चोर पकडायचा सोडून मलाच झापून राहिले! बँकेला लेखी देऊन ३० दिवसांत उत्तर नाही आलं तर आरबीआय लोकपालाकडे (बँकेविरुद्धच्या तक्रारी ऐकणारा अधिकारी) जाता येते, मी जाणार आहे.

पैसे गेले की आधी १९३० ही सायबर फसवणुकीची हेल्पलाइन लावा, ठाण्याची वाट नंतर. खरं चलन परिवहनच्या ई-चलन साइटवर स्वतः गाडी नंबर टाकून बघा. ॲप फक्त प्ले स्टोअरवरून. घरच्या म्हाताऱ्या माणसांच्या फोनमध्ये अननोन ॲपची (प्ले स्टोअरच्या बाहेरून ॲप टाकायची) परवानगी आजच बंद करा.

अन् त्या ॲपने माझ्या व्हॉट्सॲपवरून तीच फाईल ग्रुपमध्ये पण टाकली आहे. उघडली असेल तर लगेच फ्लाइट मोड टाका, दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवा अन् पासवर्ड बदला, मग फोन रिसेट मारा.